आमचे बेट

लहानपणी मला बेटांचे विलक्षण वेड होते. ह्या वेडाचे मूळ रॉबिन्सन क्रूसोत सापडेल असे कोणी म्हणेल. परंतु क्रूसोची आणि माझी गाठ पडली ती पुष्कळ उशिरा, महाविद्यालयात, आणि तीही परीक्षेच्या धाकाने. त्यापूर्वीच कृष्णेने मला बेट दाखविले होते. इस्लामपुरापासून थोड्या अंतरावर बहे नावाचे गाव आहे. तेथे नदी दुभंगते, मध्ये खडकाळ जमिनीचा एक तुकडा उरतो, आणि त्यावर रामलिंगाचे देऊळ व समर्थांनी स्थापिलेल्या अकरा मारुतींपैकी एक मारुती आहे. प्रभू रामचंद्र तेथे शिवपूजेस बसले असता कृष्णेला अकस्मात पूर आला. तेव्हा मारुतीने मागे उभे राहून आपले दोन्ही बाहू पसरले, लोंढा दोहो बाजूंनी निघून गेला आणि पूजा निर्विघ्न पार पडली, अशी कथा आहे. बाहूंवरून बहे. ही व्युत्पत्ती पंडितांना कितपत मानवेल कोण जाणे. आठ वर्षांच्या पोराला ती पुरेपूर पटली होती. बेट म्हणजे कोणीतरी हात पसरून राखलेली जागा, ही व्याख्या मी भूगोलाच्या पुस्तकातील व्याख्या पाठ करण्यापूर्वीच करून टाकली होती.

पन्नाशी उलटल्यावर हे वेड पुन्हा उफाळून येईल असे मात्र वाटले नव्हते. २०२० च्या मार्चमध्ये आमचे महाविद्यालय बंद झाले, आणि मी साताऱ्याचे बिऱ्हाड कुलूप लावून म्हाताऱ्या आईकडे गावी जाऊन राहिलो. आमचे गाव जिल्ह्याने साताऱ्याचे. पण आमचा बाजार, आमच्या सोयरिकी आणि आमची बहुतेक भांडणे सांगली जिल्ह्याशी. गावी वाचावयास काही नव्हते. माळ्यावरच्या पेटीत शाळेतला एक जुना नकाशासंग्रह मिळाला. रेडिओवर रोज नव्या नव्या देशांची नावे ऐकू येत होती. ती मी त्या कसर लागलेल्या पानांवर बोटाने शोधीत बसे. असा शोध घेता घेता बोट अटलांटिक ओलांडून वेस्ट इंडीजच्या ठिपक्यांवर गेले आणि तेथेच रेंगाळले. तेथे डॉमिनिका नावाचे एक बेट आहे. ३ नोव्हेंबर १४९३ ह्या दिवशी कोलंबसाला ते दिसले. तो वार रविवार होता, म्हणून त्याचे नाव रविवारावरून पडले. आमच्याकडे सोमवार पेठ, मंगळवार पेठ असतात. तिकडे रविवारचे अख्खे बेट! त्याची लोकसंख्या सुमारे बहात्तर हजार. म्हणजे जवळजवळ आमच्या इस्लामपुराएवढी. २०११ च्या शिरगणतीत इस्लामपूर सदुसष्ट हजारांच्या घरात होते. (२०२५ च्या जुलैत ह्या शहराचे नाव ईश्वरपूर करण्याचा निर्णय शासनाने जाहीर केला, मी ज्या दिवसांबद्दल लिहीत आहे त्या दिवसांत ते इस्लामपूर होते, म्हणून येथे तेच नाव ठेवतो.)

ही तुलना केवळ एका रिकाम्या प्राध्यापकाचा चाळा ठरली असती. पण पंचांगाने तिला बळ दिले. २२ मार्च २०२० रोजी, म्हणजे ज्या संध्याकाळी आपण सर्वांनी दारात उभे राहून थाळ्या वाजविल्या त्याच दिवशी, डॉमिनिकात पहिला रुग्ण जाहीर झाला. तो इंग्लंडहून परतलेला होता. दुसऱ्या दिवशी, २३ मार्चला, इस्लामपुरात एकाच घरातील चौघे जण रुग्ण ठरले. ते सौदी अरेबियाहून यात्रा करून परतले होते. दोन्ही ठिकाणांनी नुकताच निसर्गाचा मार खाल्ला होता. डॉमिनिकाला २०१७ च्या सप्टेंबरात मारिया ह्या वादळाने उघडेवाघडे केले होते, आणि आमच्याकडे २०१९ च्या ऑगस्टात कृष्णेने सांगली गळ्यापर्यंत बुडविली होती. एकाला समुद्र होता, दुसऱ्याला नव्हता, एवढाच काय तो फरक. मी मनाशी म्हटले, आता पाहू.

डॉमिनिकाने जे केले ते समुद्र असलेल्या कोणीही केले असते. विमाने थांबविली, पर्यटकांची मोठमोठी जहाजे बंदराबाहेर ठेवली, क्यूबातून डॉक्टर आणि परिचारिका आणविल्या, आणि रुग्णाच्या संपर्कातल्या माणसांचा घरोघर शोध घेतला. बेट लहान असले म्हणजे कोण कोणाकडे जेवला हे कोणापासून लपत नाही. लहानपणाचा हा मोठा फायदा आहे, आणि त्याचा काचही तेवढाच आहे; खेड्यात वाढलेल्या माणसाला हे सांगावयास नको.

इस्लामपुराची हकीकत मला माझ्या धाकट्या बहिणीकडून रोज फोनवर कळे. तिला त्या शहरात दिली आहे. चारांचे नऊ झाले, नवांचे पुढे आणखी वाढले, आणि मार्च संपतासंपता सांगली जिल्ह्यातील रुग्ण पंचवीस-सव्वीस झाले. ते जवळजवळ सारे एकाच कुटुंबाच्या नात्यागोत्यातले. त्यांत एक अगदी तान्हे म्हणावे असे मूलही होते. मुंबई-पुण्याच्या मानाने ही संख्या काहीच नव्हे. पण एवढ्याशा गावात, एका घरात, आठवड्याभरात! बहीण सांगे, “दादा, सगळ्या महाराष्ट्रात आमचंच नाव झालंय.” आणि हे नाव कसे झाले होते ते तिच्या आवाजावरून कळे. रोग कोणाच्या घरात निघाला, ते घर कोणत्या धर्माचे, यात्रेहून आल्यावर ती माणसे कोठे कोठे गेली, ह्याची चर्चा ज्या तोंडांनी होत होती ती तोंडे काही केवळ अशिक्षितांची नव्हती. माझ्या ओळखीच्या एका पदवीधर गृहस्थांनी मला जो मजकूर पाठविला तो येथे लिहिण्यासारखा नाही. मी त्यांना उत्तर पाठविले नाही. ते पाठवावयास हवे होते.

परंतु ह्या गलबल्याच्या खाली, कोणाला फारसे दिसणार नाही अशा रीतीने, पुष्कळ काम चालले होते. त्या भागातील रस्ते बंद झाले. आत कोणी जावयाचे नाही, बाहेर कोणी यावयाचे नाही. दूध, भाजी, किराणा आणि औषधे नेमलेल्या माणसांनी दारात पोचवावयाची. आशा सेविका आणि आरोग्य खात्याची माणसे घरोघर फिरून खोकला, ताप आणि पाहुणे यांची नोंद करीत. घशाचे नमुने आरंभी पुण्याच्या राष्ट्रीय विषाणू संस्थेकडे जात. मिरजेचे शासकीय रुग्णालय केवळ ह्याच रोगासाठी मोकळे करण्यात आले आणि आजारी तेथे गेले. मिरजेची रुग्णसेवेची परंपरा जुनी. १८९४ मध्ये वॉन्लेस ह्या मिशनरी डॉक्टरांनी तेथे रुग्णालय काढले तेव्हापासून ‘मिरजेला नेले’ ह्या दोन शब्दांत आमच्याकडे भीतीही आहे आणि भरवसाही. ह्या वेळी भरवसा खरा ठरला. एप्रिलच्या मध्यापर्यंत त्या कुटुंबातील बहुतेक सर्व मंडळी बरी होऊन घरी आली होती. वर्तमानपत्रांनी ह्याला ‘इस्लामपूर पॅटर्न’ असे नाव दिले. आपल्याला यशाचा नमुना हवा असतो. दारोदार फिरून खोकल्याची नोंद करणाऱ्या बाईचे नाव मात्र आपण विचारीत नाही.

मला त्या दिवसांत फार आनंद झाला. समुद्र नसतानाही बेट करता येते, हा सिद्धांत माझ्या डोळ्यांदेखत खरा ठरला होता. आणि सिद्धांत सापडलेला प्राध्यापक किती घातक असतो, हे माझ्या गावाने लवकरच अनुभवले.

आमच्या गावाने आपली वेस तत्पूर्वीच बंद केली होती. बाभळीच्या काट्या, एक मोडकी बैलगाडी, आणि तिच्यामागे आळीपाळीने बसणारी पोरे, असा तो तट होता. त्या मार्चअखेर हे दृश्य साऱ्या महाराष्ट्रात दिसत होते. कित्येक गावांनी तर आपलेच डांबरी रस्ते खणून ठेवले होते. पुढे शासनाच्या सूचनेप्रमाणे दक्षता समिती झाली: सरपंच, पोलीस-पाटील, तलाठी, ग्रामसेवक, आशाताई, अंगणवाडीच्या बाई, आणि शिकलेला म्हणून मी. माझ्याकडे पहिले काम आले ते फलक लिहिण्याचे. मी मोठ्या हौसेने मजकूर केला: ‘बाहेरगावच्या कोणाही इसमास समितीच्या परवानगीवाचून गावात येण्यास सक्त मनाई आहे.’ रंगाचा डबा घेऊन बसलेल्या पोराने वाक्य दोनदा वाचले आणि विचारले, “सर, बाहेरगावचा म्हंजे कोण धरायचा?”

तीस वर्षे वर्गात व्याख्या सांगितलेल्या माणसाला अशा प्रश्नाने गुदगुल्या होतात. मी क्षणाचाही विलंब न लावता म्हणालो, “जो आज गावात नाही, तो.”

आई ओट्यावर बसून ऐकत होती. तिने आपल्या सासूकडून प्लेगाच्या आणि मानमोडीच्या गोष्टी ऐकल्या होत्या. मानमोडी म्हणजे १९१८ चा इन्फ्लुएंझा. पहिल्या महायुद्धावरून परतणाऱ्या जहाजांबरोबर तो मुंबईस उतरला, आणि त्या पावसाळ्याच्या अखेरीस खेडोपाडी पसरून त्याने हिंदुस्थानात एक कोटीच्या वर माणसे नेली. १९११ ते १९२१ ह्या दहा वर्षांत देशाची लोकसंख्या वाढण्याऐवजी घटली ती मुख्यतः त्यामुळे. मानमोडीत कोणाला पळावयासही सवड मिळाली नाही. प्लेगाचे तसे नव्हते. आई म्हणाली, “पिलेगात उंदरं पडाय लागली की गाव रानात जायचं. घरं मोकळी. रोगाला म्हणायचं, तू राहा आता. समदी मातूर संगंच जायची.” मी तिला प्लेग आणि हा रोग यांतील शास्त्रीय फरक समजावून दिला. एक पिसवांतून येतो, दुसरा श्वासातून. एक घर सोडल्याने टळतो, दुसरा घर धरून बसल्याने. तिने सारे ऐकून घेतले आणि पुन्हा म्हणाली, “व्हय. पण समदी संगंच जायची.”

आमच्या भागातील माणसे मुंबईत माथाडी कामगार आहेत. पाटण, जावळी, कोरेगाव, कोठल्याही तालुक्यात जा. जमीन थोडी, पाऊस एक तर फार किंवा मुळीच नाही, आणि घरटी एक जण पोती वाहावयास मुंबईत. सांगली जिल्ह्यात खानापूर-आटपाडीकडची माणसे सोन्याचांदीच्या गलाईसाठी थेट तामिळनाडू-बंगालपर्यंत पसरली आहेत. म्हणजे आमची गावे खरे पाहता कधीच केवळ गावात नव्हती. गावाचे अर्धे अंग नेहमी बाहेर असते. दिवाळीला, जत्रेला ते येऊन चिकटते आणि पुन्हा सुटते. देवळाचा कळस त्या बाहेरच्या अंगाने दिलेला, शाळेच्या दोन खोल्या त्यानेच बांधलेल्या. त्या खोल्यांच्या भिंतीवर संगमरवरी पाटी आहे आणि तिच्यावर मुंबईकर मंडळींची नावे वर्गणीच्या आकड्यांसह कोरलेली आहेत. त्या पाटीतील सातवे नाव माझ्या धाकट्या चुलतभावाचे.

तो वाशीच्या धान्यबाजारात काम करीत असे. मे महिन्यात रोग तेथे इतका फैलावला की, तो सारा बाजार आठवडाभर बंद ठेवावा लागला. एका रात्री साडेतीनच्या सुमारास पोलीस-पाटील माझ्या दारात आले. “सर, वेशीवर चला. तुमच्याच घरातलं हाय. तुमी सांगितलं तर ऐकतील.” मी गेलो. काट्यांच्या पलीकडे टेम्पोतून उतरलेला माझा भाऊ, त्याची बायको आणि बारा वर्षांचा मुलगा उभी होती. पायाशी दोन बोचकी आणि एक पाण्याची कळशी. परवाना होता. बायकोच्या तोंडावर पदर होता, मुलगा उभ्याउभ्याच पेंगत होता. मी सहा फुटांवरून सारे व्यवस्थित समजावून सांगितले: चौदा दिवस शाळेत, जेवण घरून येईल, कोणाला शिवावयाचे नाही, तुझ्याच आईबापाच्या जिवासाठी. बॅटरीच्या उजेडात तो माझ्याकडे पाहत नव्हता. फलकाकडे पाहत होता.

“दादा,” तो म्हणाला, “मी बाहेरगावचा कवापासनं झालो?”

दर वर्षी ३ जानेवारीला सावित्रीबाई फुल्यांच्या जयंतीस मी महाविद्यालयात भाषण करतो. त्या आमच्या जिल्ह्यातल्या, खंडाळा तालुक्यातील नायगावच्या. त्यामुळे भाषणात अभिमानही असतो. १८९७ च्या प्लेगात यशवंतरावांनी हडपसरजवळ सासणे मळ्यात दवाखाना काढला, तेथे त्या रोग्यांची शुश्रूषा करीत; मुंढव्याच्या एका आजारी मुलाला त्यांनी पाठीवर घालून आणले, आणि त्याच रोगाने १० मार्चला त्या गेल्या, हे सांगताना माझा कंठ योग्य त्या ठिकाणी दाटून येतो. त्या रात्री काट्यांच्या अलीकडे उभा असताना हे सारे मला आठवले असते तर ह्या निबंधाला शोभले असते. पण ते आठवले नाही. मला आठवला तो इस्लामपूरचा आकडा.

भाऊ शाळेत राहिला. तेथे पंखा नव्हता, विजेचे बिल थकल्यामुळे दिवाही नव्हता. समितीत तो विषय निघाला तेव्हा उद्या पाहू असे मीच म्हणालो, आणि तो उद्या पाच दिवसांनी उजाडला. काकू भाकरीचे फडके कुंपणाच्या भिंतीवर ठेवून मागे सरे. मग भाऊ येऊन ते उचली. मुलगा दिवसभर फळ्यावर चित्रे काढी. रस्त्याने जाणारी माणसे शाळा आली की पलीकडच्या कडेने चालत. ह्याच माणसांनी दहा महिन्यांपूर्वी, महापुरात, मुंबईहून त्याने पाठविलेले धान्य उतरवून घेतले होते.

आणि दहाव्या दिवशी नाना वारले. नाना म्हणजे माझे चुलते, त्याचे वडील, वय शहाऐंशी. रोगाचा काही संबंध नव्हता. हृदय थकले होते, आणि आरोग्य केंद्राच्या डॉक्टरांनी तसे स्पष्ट सांगितले. दोन दिवस ते मुलाला बघावयाचे म्हणत होते आणि आम्ही चार दिवस थांबा म्हणत होतो.

समिती देवळाच्या ओट्यावर बसली. प्रश्न एवढाच होता की, मुलाला स्मशानात येऊ द्यावे की नाही. पोलीस-पाटील म्हणाले, तोंड बांधून, लांब उभा राहील, अग्नी देईल आणि परत शाळेत जाईल. आशाताई म्हणाली की, त्याला ताप नाही, खोकला नाही. ती रोज पाहत होती. सरपंचांनी माझ्याकडे पाहिले. मी बोललो, आणि मी चांगले बोललो. एका घरातील चौघांपासून आठवड्यात पंचवीस झाले ते मी सांगितले. मूलसुद्धा सुटले नाही ते सांगितले. प्रेताभोवती माणसे रडतात, जवळ येतात, आणि वीसच माणसांची परवानगी असली तरी त्या विसांत आठ म्हातारे आहेत हे सांगितले. डॉमिनिकाचाही उल्लेख केला असे मला स्मरते. कोणी उत्तर दिले नाही. वर्गातही असेच होते. मी त्याला संमती समजत आलो आहे.

अग्नी मी दिला. ओढ्याच्या पलीकडच्या बांधावर तो उभा होता. पोलीस-पाटलांनी एवढे आपल्या जबाबदारीवर केले होते. मडके खांद्यावर घेऊन मी फेऱ्या घातल्या, तेव्हा प्रत्येक फेरीला एकदा मला तो समोर दिसे आणि एकदा पाठीमागे जाई.

येथे मला आणखी एक गोष्ट सांगितली पाहिजे. ती न सांगणे अप्रामाणिकपणाचे होईल. त्या टेम्पोत दुसऱ्या एका गावचा इसम होता. तो पुढे कराडला रुग्ण ठरला. माझ्या भावाला, त्याच्या बायकोला वा मुलाला काही झाले नाही. आणि त्या संबंध उन्हाळ्यात आमच्या गावात एकही रुग्ण निघाला नाही. तेव्हा मी म्हणालो ते चूक होते असे सिद्ध झाले नाही. बरोबर होते असेही झाले नाही. हा आधार मी पुष्कळ दिवस घट्ट धरून बसलो होतो. रात्री जाग आली की, त्या टेम्पोतील माणसाचा मी हिशेब मांडीत असे.

बेटे फार दिवस बंद राहू शकत नाहीत. डॉमिनिका ऑगस्ट २०२० मध्ये उघडले. पर्यटकांवाचून त्याला दुसरा मार्ग नव्हता. २०२१ च्या फेब्रुवारीत तेथे लस पोचली ती भारतातून, पुण्यात तयार झालेली. पंतप्रधान स्केरिट यांनी विमानतळावर स्वतः खोकी उचलल्याचे छायाचित्र मी पाहिले. ज्या कारखान्यात ती तयार झाली तो हडपसरला आहे. सासण्यांचा मळाही त्याच बाजूला होता. नकाशावर बोट ठेवणाऱ्याला असे योग दिसतात. त्यांचे पुढे काय करावयाचे हे मात्र कळत नाही.

आमचे बेट त्याच सुमारास बुडाले. इस्लामपूरचा नमुना, माझा फलक, काट्या, सारे मागे राहिले आणि २०२१ च्या उन्हाळ्यात सांगली आणि सातारा हे दोन्ही जिल्हे होरपळून निघाले. इतर महाराष्ट्रात लाट ओसरली तरी आमच्याकडे ती रेंगाळली. ऑगस्टच्या आरंभी शासनाने बहुतेक जिल्हे मोकळे केले तेव्हाही ज्या अकरा जिल्ह्यांत निर्बंध कायम राहिले त्यांत आम्ही दोघेही होतो. आमच्या गावात रोग आला तो मुंबईहून नव्हे. एका लग्नातून आला. ते लग्न माझ्या भाच्याचे होते आणि आमंत्रितांच्या यादीवर मीच हात आखडता घेतला नव्हता. वेशीवर त्या वेळी कोणी उभे नव्हते. आम्ही सारे गावातलेच ना!

शाळा पुन्हा उघडली, ह्या वेळी गावातल्याच आजाऱ्यांसाठी. माझा भाऊ तेव्हा गावीच होता. त्याने कोणाला न विचारता कामाला सुरुवात केली. पहिल्या दिवशी त्याने विजेचे बिल भरले. मग दोन पंखे, एक मोठी बादली, मोरीला आडोसा, आणि एक आरसा आणला. आरसा कशाला, असे सरपंचांनी विचारले. तो म्हणाला, “चौदा दिवस आपलं तोंड दिसलं न्हाई तर मानूस भितं.” मी त्या शाळेत सात दिवस होतो. ताप चढला होता आणि ऑक्सिमीटरवरील आकडा पाहण्याचे धैर्य मला नव्हते. रोज सकाळ-संध्याकाळ तोच माझे बोट धरून ते यंत्र लावी आणि आकडा वहीत उतरून घेई. जवळ बसे. मी त्याला लांब बस म्हणालो. तो बसला नाही. नानांचा विषय त्याने काढला नाही, मीही काढला नाही.

त्याच्या बोलण्यात राग कधीच नव्हता, आजही नाही. दिवाळीला येतो, आईच्या पाया पडतो, शेताच्या बांधाविषयी सल्ला विचारतो. फक्त त्या रात्रीनंतर त्याने मला दादा म्हटलेले नाही. सगळे गाव म्हणते तसे तोही मला ‘सर’ म्हणतो.

फलक अजून आहे. त्याचा पत्रा काढून कोणीतरी गोठ्याच्या कुडाला ठोकला आहे. ‘इसमास’ आणि ‘सक्त’ एवढे दोन शब्द वाचता येतात. वेशीवर आता मुंबईकर मंडळाच्या खर्चाने स्वागताची कमान व्हावयाची आहे. गेल्या महिन्यात भावाचा वाशीहून फोन आला. कमानीवर दोन ओळींचा मजकूर हवा आहे. बाहेरून येणाऱ्याला वाचता येईल असा, मोठ्या अक्षरांत. “सर, तुमचं मराठी चांगलं हाय, तुमीच लिहून द्या,” असे तो म्हणाला. पुढच्या रविवारी त्याने आठवण केली. काल पुन्हा केली. चार-पाच कागद फाडून झाले आहेत. उद्या देतो असे मी त्याला सांगितले आहे.